नळ आहे, पाणी कुठे आहे? फील्डवर्कने मला शिकवलेला धडा

गेल्या वर्षी आमच्याकडे फील्डवर्कला आलेल्या एका मुलाने एका दिवसात तीस फॉर्म भरून आणले. भारत सरकार शिष्यवृत्ती आपल्या मुलामुलींना मिळते की नाही, याची पाहणी होती. एक फॉर्म नीट भरायला अर्धा तास लागतो. हिशेब काही जुळेना. चाळून पाहिले तर एकाही फॉर्मवर खाडाखोड नाही आणि 'अडचण काय?' या रकान्यात तिसांतल्या तीस ठिकाणी एकच उत्तर : पैसे वेळेवर मिळत नाहीत. मी विचारलं, "खरं सांग, कुठे बसून भरलेस?" आधी तो गप्प राहिला. मग म्हणाला, "ताई, आपलीच वस्ती आहे. मी इथेच वाढलो. आपल्या लोकांचं मला सगळं माहीत आहे. त्यात विचारायचं काय?"

मी त्याला ओरडले नाही. कारण हेच वाक्य मी एकेकाळी मनातल्या मनात म्हटलं होतं, आणि त्याची किंमत एका वस्तीने मोजली होती. ती गोष्ट मी आजवर लिहिली नव्हती. आज लिहिते, कारण आपल्या चळवळीतल्या तरुणांत हा समज घट्ट बसलेला आहे की दुःख आपण भोगलं आहे, म्हणजे त्याचा अभ्यासही आपल्याला आपोआप येतो. मित्रांनो, तो येत नाही. तो शिकावा लागतो, आणि वर्गात बसून तो पुरता शिकता येत नाही.

२०११-१२ हे माझं एम.ए. समाजशास्त्राचं दुसरं वर्ष. 'संशोधन पद्धती' हा पेपर मी घोकून पाठ केला होता. नमुना निवड म्हणजे काय, प्रश्नावली आणि मुलाखत अनुसूची यांत फरक काय, गृहीतक कसं मांडतात, सगळं तोंडपाठ. गुणही चांगले होते. पण तोवर मी एकाही अनोळखी माणसाच्या दारात कागद घेऊन उभी राहिले नव्हते. जानेवारीत विभागाने आम्हा काही जणांना सहा आठवड्यांसाठी एका स्वयंसेवी संस्थेकडे पाठवलं. जालना जिल्ह्यातलं एक गाव, आणि विषय पाण्याचा.

माझ्यासोबत वर्गातला एक मुलगा होता. स्वभावाने चांगला. गावात शिरलो की पहिला प्रश्न आडनावाचा. त्याचं आडनाव ऐकलं की ओसरीवर सतरंजी पडायची, चहा यायचा. माझं ऐकलं की कुणीतरी हात करून दाखवायचं, "मॅडम, तुमचं तिकडं हाय." तीन दिवसांत वाटणी आपोआप झाली. गाव त्याच्याकडे, वस्ती माझ्याकडे. ही वाटणी कुणी केली, हा प्रश्न आम्ही दोघांनीही विचारला नाही. संस्थेच्या समन्वयकांना ती सोयीची वाटली. खरं सांगायचं तर मलाही वाटली. आपल्या लोकांत आपण, म्हणजे माहिती खरीच मिळणार, असं मी धरून चालले होते.

फॉर्म शहरात तयार झाले होते. पाण्याचा प्रश्न असा होता : पिण्याच्या पाण्याचा स्रोत. नळ, विहीर, हातपंप, टँकर, इतर. मी विचारायचे, "नळ आहे का?" समोरची बाई म्हणायची, "हाय की." मी 'नळ'वर गोल करायचे आणि पुढच्या प्रश्नाकडे वळायचे. मी शहरातल्या वस्तीत वाढलेली. आमच्याकडे नळ म्हणजे पाणी, निदान दिवसाआड तरी. त्यामुळे 'हाय की' म्हटल्यानंतर त्या बायका क्षणभर थांबायच्या, काही सांगू पाहायच्या, ते माझ्या लक्षातच आलं नाही. मला दिवसाला दहा फॉर्म उरकायचे होते.

वस्तीत अठ्ठावन्न घरं. त्यांतल्या सतरा घरांना कुलूप होतं. दिवाळीच्या सुमारास मुकादमाकडून उचल घेऊन गेलेल्या कोयत्याच्या जोड्या अजून कारखान्याच्या फडावर होत्या. फॉर्मवर सूचना छापलेली होती : घर बंद असल्यास पुढील घर घ्यावे. मी पुढचं घर घेतलं. धर्माच्या रकान्यात हिंदू, मुस्लिम आणि इतर एवढेच पर्याय होते. मी चाळीस वेळा 'इतर'वर गोल केला. तेव्हा खटकलं, पण फॉर्म वरून आलाय म्हणून गप्प बसले.

मार्चमध्ये अहवाल गेला. त्यातलं एक वाक्य मला आजही आठवतं, कारण ते मीच टाईप केलं होतं : गावातील बहुसंख्य कुटुंबांना नळाद्वारे पाणी उपलब्ध आहे. या कामाला मला वरची श्रेणी मिळाली. अहवालाची एक प्रत संस्थेने ग्रामपंचायतीला दिली.

१ मेच्या ग्रामसभेत वस्तीतल्या पोरांनी मागणी केली, की दलित वस्ती सुधार योजनेतून आम्हाला पाण्याची वेगळी लाईन द्या. समोरून उत्तर आलं, "विद्यापीठाच्या पोरांनीच लिहून दिलंय, गावात नळाचं पाणी आहे. वस्ती गावातच आहे ना?" मागणी तिथेच संपली. एरवी वस्तीला गावाबाहेर धरणाऱ्या लोकांनी त्या दिवशी तिला गावात घेतलं, आणि त्यासाठी कागद मी पुरवला होता.

हे मला समजलं बुद्धपौर्णिमेला. वस्तीने मला भाषणासाठी बोलावलं होतं. मी शिक्षणावर बोलले, टाळ्या पडल्या. खीर घेताना एक आजी जवळ येऊन बसली. म्हणाली, "पोरी, ग्वाड बोललीस. पण तू नळ हाय का म्हणून इचारलं. पाणी येतंय का, हे कुठं इचारलं?"

ती रागावली असती तर बरं झालं असतं. ती शांतपणे सांगत होती, जणू चूक तिचीच होती. मग बायकांनी सगळं सांगितलं. मुख्य लाईन टाकीपासून निघून मोठ्या गल्लीतून जाते आणि वस्तीत संपते. वाटेतल्या घरांनी नळाला मोटारी लावलेल्या. पाणी सोडणारा माणूस ठरवेल तितका वेळ व्हॉल्व्ह उघडा. शेवटच्या नळाला पाणी पोचेपर्यंत टाकी रिकामी. बायका पहाटे शेतातल्या विहिरीवर जायच्या आणि विहीरमालकाच्या मर्जीवर हंडा भरायच्या. हे सगळं जानेवारीतही तसंच होतं. मी त्यांच्याच दारात उभी होते आणि मला ते दिसलं नव्हतं.

त्या रात्री मी वस्तीतच राहिले. माझं खरं फील्डवर्क दुसऱ्या दिवशी सुरू झालं. त्याला श्रेणी नव्हती आणि प्रमाणपत्रही नव्हतं. बारावीची परीक्षा दिलेल्या दोन मुली सोबत आल्या. आम्ही एक शंभर पानी वही घेतली, एक घड्याळ आणि पंधरा लिटरची एक बादली. वस्तीतल्या चार सार्वजनिक नळांना क्रमांक दिले. मोठ्या गल्लीतले दोन नळ तुलनेसाठी घेतले. सात दिवस रोज लिहायचं : पाणी किती वाजता आलं, किती वाजता गेलं, बादली भरायला किती वेळ लागला. सुरुवातीला मी प्रत्येक नोंदीपुढे माहिती देणाऱ्या बाईचं नावही लिहीत होते. एक बाई म्हणाली, "नाव नगं लिहू ताई. उद्या हिरीवर जायचंय आम्हाला." 'माहितीदात्याची गोपनीयता' हा मुद्दा मी परीक्षेत पाच गुणांसाठी लिहिला होता. त्याचा अर्थ मला त्या दिवशी कळला. आम्ही नावं खोडली आणि फक्त नळाचे क्रमांक ठेवले.

सात दिवसांनी तक्ता तयार झाला. मोठ्या गल्लीत रोज तासाभराहून जास्त पाणी, बादली मिनिटाच्या आत भरते. वस्तीतल्या शेवटच्या नळाला सातपैकी चार दिवस थेंब नाही. उरलेल्या तीन दिवशी वीस मिनिटं पाणी, आणि एक बादली भरायला पाच मिनिटं. म्हणजे दिवसाला चार बादल्या, साठ लिटर. त्या नळावर चौदा घरं अवलंबून होती. त्या काळी ग्रामीण भागासाठी सरकारचाच निकष होता, माणशी दररोज ४० लिटर. चौदा घरांत मिळून दोन माणसांचंही पाणी येत नव्हतं.

हे वस्तीतल्या प्रत्येक बाईला आधीपासून ठाऊक होतं. पण ते गाऱ्हाणं म्हणून सांगितलं की "यांचं नेहमीचंच रडगाणं" म्हणून उडवता येत होतं. तारीख, वेळ आणि लिटर लिहिलेला कागद तसा उडवता येईना. दहा रुपयांचं कोर्ट फी तिकीट लावून माहिती अधिकारात नळयोजनेचा नकाशा आणि अंदाजपत्रक मागितलं. तीस दिवसांची मुदत उलटायच्या आत ते मिळालं. नकाशावर वस्तीकडे जाणारी पाईप लाईन मुख्य लाईनपेक्षा कमी व्यासाची होती. तक्ता आणि नकाशा एकत्र जोडून वस्तीने पंचायत समितीत गटविकास अधिकाऱ्यांना निवेदन दिलं. पाहणीला माणूस आला. पाणी सोडण्याचं वेळापत्रक बदललं, एका दिवसाआड आधी वस्तीला. मोटारी काही दिवस बंद राहिल्या, नंतर पुन्हा सुरू झाल्या. वेगळी लाईन यायला आणखी दोन वर्षं आणि दोन मोर्चे लागले. ती माझ्या तक्त्यामुळे आली, असा दावा मी करणार नाही. पण दोन्ही मोर्चांच्या निवेदनाला तोच तक्ता जोडलेला होता, एवढं मात्र खरं.

आता यातून मी शिकले काय, ते सरळ सांगते.

पहिलं, प्रश्न. 'नळ आहे का' हा वस्तूचा प्रश्न आहे, 'पाणी किती आणि कधी येतं' हा हक्काचा. पुस्तकात याला निर्देशक ठरवणं म्हणतात. चुकीचा निर्देशक घेतला की गरिबाने खरं उत्तर देऊनही निष्कर्ष खोटा निघतो. आज जल जीवन मिशनमध्ये निकष माणशी ५५ लिटरचा आहे, पण गावोगावच्या चर्चेत अजूनही जोडण्यांचाच आकडा फिरतो. आपल्या वस्तीत बादली आणि घड्याळ घेऊन बसायला कुणाच्या परवानगीची गरज नाही.

दुसरं, कुलूप लावलेली घरं. सतरा बंद घरांत वस्तीतली सर्वांत गरीब, भूमिहीन कुटुंबं होती. 'पुढील घर घ्यावे' या एका ओळीने ती संशोधनातून हद्दपार झाली. जो सर्वाधिक पिचलेला असतो तो बहुधा सर्व्हेच्या वेळी घरी नसतो. तो फडावर असतो, वीटभट्टीवर असतो. त्याच्या परतीची वाट पाहणं हासुद्धा संशोधनाचाच भाग आहे.

तिसरं, सरासरी. गावाची सरासरी काढली की वस्ती दिसेनाशी होते. वस्तीनिहाय, जातनिहाय वेगळा तक्ता मागणं याला कुणी जातीयवाद म्हणेल. म्हणू द्या. वेगळं मोजल्याशिवाय वेगळी वागणूक सिद्ध करता येत नाही. आणि तो 'इतर'चा रकाना? आजच्या महाराष्ट्राच्या हद्दीत १९५१च्या जनगणनेत बौद्धांची नोंद अडीच हजारांच्या आसपास होती. १९५६च्या धम्मदीक्षेनंतर १९६१मध्ये ती जवळपास २८ लाखांवर गेली. आपल्या आईवडिलांच्या पिढीने गणनेच्या कागदावर 'बौद्ध' लिहून घेतलं म्हणून हा इतिहास आकड्यात उतरला. त्यांची मुलगी असून मी चाळीस वेळा 'इतर' लिहिलं.

चौथं, परत जाणं. माहिती गोळा करून निघून जाणं ही एक प्रकारची उचलेगिरीच आहे. आम्ही अहवाल वस्तीत आधी वाचून दाखवला असता, तर आजीने ती चूक मार्चमध्येच पकडली असती.

कुणी म्हणेल, चळवळीच्या माणसाने या सर्व्हेच्या भानगडीत कशाला पडायचं? त्यांनी बाबासाहेबांचं चाळीसगाव आठवावं. मुंबई सरकारने अस्पृश्य आणि आदिवासींच्या स्थितीच्या चौकशीसाठी समिती नेमली, जिला आपण स्टार्ट समिती म्हणतो. बाबासाहेब तिचे सदस्य होते. १९२९मध्ये खानदेशातल्या एका गावी अस्पृश्यांवर घातलेल्या बहिष्काराची चौकशी करायला ते स्वतः गेले. परतताना चाळीसगावला उतरले, तर टांगेवाले महाराला टांग्यात घ्यायला तयार नाहीत. शेवटी टांगा मिळाला, पण हाकायला बसला तो आपलाच एक माणूस, ज्याने कधी टांगा हाकलेला नव्हता. वाटेत अपघात झाला, बाबासाहेब दगडी फरशीवर फेकले गेले आणि त्यांचा पाय मोडला. 'वेटिंग फॉर अ व्हिसा'मध्ये त्यांनी हा प्रसंग लिहून ठेवला आहे. कोलंबिया आणि लंडनच्या पदव्या घेतलेला माणूस बहिष्काराची माहिती घ्यायला त्या गावापर्यंत गेला. अस्पृश्यतेत काय भोगावं लागतं, हे त्यांना कुणी सांगायला हवं होतं का? तरीही ते विचारायला गेले. "आपल्या लोकांचं मला सगळं माहीत आहे" असं म्हणण्याचा अधिकार त्यांच्याइतका कुणालाच नव्हता, आणि त्यांनी तो वापरला नाही.

अमेरिकेतल्या कृष्णवर्णीयांचे विचारवंत ड्यू बॉईस यांचंही तसंच. १८९६मध्ये फिलाडेल्फियाच्या सातव्या वॉर्डाचा अभ्यास करायला त्यांना विद्यापीठाने बोलावलं. कृष्णवर्णीय वस्ती हीच शहराची समस्या आहे, हे बोलावणाऱ्यांच्या मनात आधीच ठरलेलं होतं. ड्यू बॉईस स्वतः दारोदार फिरले, आणि १८९९च्या पुस्तकात त्यांनी दाखवून दिलं की दोष लोकांच्या रक्तात नाही, त्यांना नाकारलेल्या रोजगारात, घरांत आणि इतिहासात आहे. याच ड्यू बॉईस यांना बाबासाहेबांनी १९४६मध्ये पत्र लिहिलं होतं.

आता आजचं बोलू. नव्या शैक्षणिक धोरणानंतर आपल्या राज्यातल्या पदवी आणि पदव्युत्तर अभ्यासक्रमांत ऑन जॉब ट्रेनिंग, फील्ड प्रोजेक्ट, कम्युनिटी एंगेजमेंट असे श्रेयांक आले आहेत. जी गोष्ट पूर्वी मुख्यतः समाजकार्याच्या विद्यार्थ्यांना मिळायची, ती आता बी.ए., बी.कॉम.च्या मुलांपर्यंत आली आहे. प्रत्यक्षात काय चाललं आहे, ते मी रोज पाहते. कुठे ओळखीच्या दुकानातून शिक्का मारून आणतात. कुठे संस्था मुलांना फुकटचे मजूर समजून ढिगाने फॉर्म भरून घेतात. त्या फॉर्मचं पुढे काय झालं, हे त्या मुलांना शेवटपर्यंत कळत नाही. ज्याच्या घरी ओळखी आहेत त्याला वातानुकूलित कचेरी मिळते, आणि आपल्या पोराला झेरॉक्सच्या रांगेत उभं करतात.

यावर माझं म्हणणं एवढंच की ही संधी आपण वाया घालवू नये. तुम्ही विद्यार्थी असाल तर पहिल्याच दिवशी विचारा : प्रश्न कोण ठरवणार? फॉर्म छापण्याआधी पाच घरांत तो तपासून पाहू द्याल का? अहवालाची प्रत मला आणि वस्तीला मिळेल का? तुम्ही प्राध्यापक असाल तर हजेरीच्या सहीपेक्षा विद्यार्थ्याची रोजनिशी वाचा. आणि तुम्ही संघटनेत असाल तर आपापल्या तालुक्यात दोन-तीन विद्यार्थ्यांना हे काम द्या. वसतिगृहातली गैरसोय, रखडलेली शिष्यवृत्ती, सफाई कामगारांचे हातमोजे, ॲट्रॉसिटीच्या खटल्यांच्या तारखा, विषयांची कमी नाही. आपली जयंतीची वर्गणी लाखांत जाते. त्यातून एका विद्यार्थ्याचा एसटीचा पास आणि वहीचा खर्च निघणार नाही का?

तक्त्याने जात मरत नाही, हे मला मान्य आहे. वस्तीला मोर्चे काढावेच लागले. पण मोर्चाच्या हातात काय आहे, यावर समोरच्याला काय बोलावं लागेल हे ठरतं.

त्या मुलाला मी तीस कोरे फॉर्म दिले आणि एक अट घातली : या वेळी फक्त दहा भर, पण प्रत्येक घरात बसून. आठवड्याने तो आला. फॉर्मवर भरपूर खाडाखोड होती. पैसे उशिरा मिळतात, हे होतंच. पण त्याखाली दुसरं काही निघालं होतं. कुणाचं बँक खातं आधारला जोडलेलं नाही. कुणाच्या बापाने उत्पन्नाच्या दाखल्यासाठी तहसीलला तीन खेपा घातल्या आणि तीन दिवसांची मजुरी बुडवली. आणि दहापैकी चार घरांत एकेक मुलगी होती जिच्यापुढे आमच्या फॉर्मप्रमाणे 'लागू नाही' लिहावं लागत होतं, कारण तिने बारावीनंतर प्रवेशच घेतला नव्हता.

तो म्हणाला, "ताई, शिष्यवृत्ती मिळाली का, असं आपण विचारतोय. पण ज्या कॉलेजात पोचल्याच नाहीत, त्यांना कुठल्या रकान्यात लिहायचं?"

मी फॉर्म पुढे सरकवला आणि त्याला म्हटलं, नवा रकाना तूच आख.

जय भीम.